मेळा आणि खर्पुडी एकाच महिन्यात येणार आहेत

प्रति,
मा. अध्यक्ष आणि सर्व सदस्य,
नाशिक–त्र्यंबकेश्वर कुंभमेळा प्राधिकरण,
तसेच अंजनेरीच्या संवर्धन राखीव क्षेत्राची जबाबदारी सांभाळणारे सर्व वनाधिकारी

सप्रेम नमस्कार.

हे पत्र खर्पुडी नावाच्या एका वीतभर उंचीच्या रोपासाठी लिहिते आहे. जूनमध्ये पाऊस स्थिरावला की अंजनेरीच्या पठारावर, कातळावर साठलेल्या चार बोटं मातीतून ते वर येतं. ऑगस्ट-सप्टेंबरात फुलतं, दिवाळीच्या आसपास बी उडवून मोकळं होतं आणि सुकून जातं. मग पुढच्या पावसापर्यंत जमिनीखालच्या कंदात त्याचा जीव असतो. त्या दिवसांत तुम्ही पठारावर उभे राहिलात तर तुम्हाला फक्त वाळकं गवत आणि दगड दिसतील.

२०२७ च्या सिंहस्थाची मुख्य स्नानं ऑगस्ट आणि सप्टेंबरात आहेत. म्हणजे वर्षातले जे थोडे आठवडे हे रोप जमिनीवर असतं, नेमक्या त्याच आठवड्यांत त्र्यंबकेश्वरी लाखो माणसं येतील. हनुमंताचं जन्मस्थान इतक्या जवळ आहे म्हटल्यावर त्यांतली पुष्कळजण अंजनेरीची वाट धरतील. धरणारच. मीही धरली असती. तुमच्या नियोजनाच्या नकाशांत अंजनेरी असेलच. त्या नकाशात हे रोपही असावं, एवढ्यासाठी हा पत्रप्रपंच.

मी नाशिकची. शाळेत विज्ञान शिकवायचे, आता निवृत्त आहे. श्रावणातल्या एका शनिवारी अंजनेरी चढायची, वर अंजनीमातेचं दर्शन घ्यायचं, तळ्याकाठी डबा खायचा आणि उतरायचं, हा आमच्या घरचा जुना परिपाठ. सासूबाई सत्तरीतही चढायच्या. इतकी वर्षं त्या पठारावरून चालले, पण खर्पुडी पहिल्यांदा दाखवली ती माझ्याच एका विद्यार्थ्याने. तो पायथ्याच्या वाडीतला. दहावी झाल्यावर सुट्टीच्या दिवशी वाट दाखवायला लोकांबरोबर वर जायचा. धुकं होतं, पायवाटेवर चिखल, म्हणून मी कडेच्या गवतातून चालत होते. मागून तो म्हणाला, "बाई, पाय जपून टाका. खर्पुडी हाये तिथं." मी जिथल्या तिथे थांबले. माझ्या चपलेपासून दोन बोटांवर ती उभी होती. त्याआधी किती वेळा तिच्यावरून चालत गेले असेन, हा विचार तेव्हापासून माझ्या मनातून जात नाही.

खर्पुडी, खर्चुडी, कंदीलपुष्प अशा नावांनी आपल्याकडे हा गट ओळखला जातो. शास्त्रीय नाव सेरोपेजिया. सह्याद्रीत त्याच्या अनेक जाती आहेत आणि त्यांतल्या कित्येक जगात दुसरीकडे कुठेच नाहीत. एखादी महाबळेश्वर-पाचगणीच्या आसपास, एखादी जुन्नरच्या डोंगरांत, एखादी हरिश्चंद्रगडावर, अशा त्या आपापला डोंगर धरून राहिल्या आहेत. काही वेलीसारख्या चढतात, काही ताठ उभ्या राहतात. आपली उभी राहणारी. पानं अरुंद, त्यामुळे फूल नसेल तेव्हा गवतात ती डोळ्यांना सापडत नाही. २००६ साली वनस्पतिशास्त्रज्ञांनी तिचं स्वतंत्र जात म्हणून वर्णन प्रसिद्ध केलं. त्यात कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाचे प्रा. एस. आर. यादव होते, ज्यांनी या गटासाठी आयुष्य वेचलं आहे. जात अंजनेरीवर सापडली म्हणून नाव ठेवलं सेरोपेजिया अंजनेरिका. आपल्या जिल्ह्यातल्या एका डोंगराचं नाव जगभरच्या वनस्पतिशास्त्राच्या ग्रंथांत कायमचं गेलं ते या रोपामुळे. नाशिकमध्ये किती जणांना हे ठाऊक आहे? माझ्याच शाळेतल्या एकाही धड्यात ते नव्हतं, आणि मी स्वतःही ते कित्येक वर्षं मुलांना सांगितलं नाही, कारण मलाच माहीत नव्हतं.

फुलाविषयी थोडं सविस्तर सांगू द्या, कारण ज्यांनी ते पाहिलेलं नाही त्यांना मी एवढ्या काकुळतीला का आले आहे ते कळणार नाही. खाली फुगीर कुपी, तिच्यावर अरुंद नळी आणि नळीच्या तोंडाशी पाच पाकळ्या. त्या वर जाऊन टोकाशी एकमेकींना चिकटतात आणि मधे खिडक्या राहतात. अगदी देवघरात टांगायच्या कंदिलासारखं. बारीक माश्या वासाने ओढल्या जाऊन खिडकीतून आत शिरतात आणि नळीतून कुपीत उतरतात. नळीत आतून केस असतात, सगळ्यांची टोकं खाली वळलेली. आत जाणाऱ्याला ते वाट देतात, बाहेर येणाऱ्याला अडवतात. माशी कुपीत अडकते आणि बाहेर पडण्यासाठी धडपडते. त्या धडपडीत परागांच्या इवल्याशा पुंजक्यांची जोडी तिच्या तोंडाला चिकटते. मग काही काळाने केस कोमेजतात, फूल मान टाकतं आणि माशी सुटते. तिला इजा झालेली नसते. ती दुसऱ्या फुलात जाते आणि तिथे पहिल्या फुलाचे पराग पोहोचतात. माशी इथून तिथे जाईल इतक्या अंतरावर दुसरं फूल उमललेलं असेल तरच हा सगळा खटाटोप फळाला येतो. पठारावरची रोपं तुरळक झाली की एखादं रोप फुलतं, सुकतं आणि शेंग धरतच नाही. दिसायला फूल असतं, पण पुढची पिढी खुंटलेली असते. झाडं किती उरली एवढंच मोजून भागत नाही ते यामुळे. ती एकमेकांपासून किती लांब उरली आहेत, तेही पाहावं लागतं.

शेंगा जोडीने येतात. उकलल्या की आतून रेशमी झुपका लावलेलं बी वाऱ्यावर निघतं. लहानपणी आपण ज्याला म्हातारी म्हणून पकडायचो ना, रुईची, तशीच ही खर्पुडीची म्हातारी. दोन्ही एकाच कुळातल्या. दर शनिवारी ज्या रुईच्या पानांची माळ आपण मारुतीच्या गळ्यात घालतो, तिचीच ही नाजूक, डोंगरावर राहणारी बहीण. रुई उकिरड्यावरही वाढते, बांधावरही वाढते, तोडली तरी पुन्हा फुटते. हिचं तसं नाही. हिला ठरावीक उंची, ठरावीक पाऊस, कातळावरची ती पातळ माती आणि ती बारीक माशी एवढं सगळं एका ठिकाणी लागतं. आणि ते ठिकाण मारुतीच्या जन्मगावी आहे. माझ्यासारख्या भाविक बाईला यात योगायोगापेक्षा जास्त काही दिसलं तर मला क्षमा करा.

आता धोक्यांविषयी. मोठ्या प्रकल्पांच्या आधी पायांबद्दल बोलते, कारण मेळ्याच्या काळात तोच प्रश्न सगळ्यांत आधी समोर येईल.

पावसाळ्यात डोंगरावरची वाट कशी रुंद होते हे पाहिलं आहे तुम्ही? मधे चिखल होतो. लोक चिखल टाळायला कडेच्या गवतातून चालतात. मग कडेला चिखल होतो. मग त्याच्याही कडेने. श्रावण सुरू होताना हातभर असलेली वाट भाद्रपद संपेपर्यंत बैलगाडी जाईल एवढी होते. यात कुणाचा दुष्टपणा नसतो, प्रत्येकजण फक्त घसरून पडू नये म्हणून काळजी घेत असतो. पण तुडवलेली ओली माती नंतर विटेसारखी घट्ट होते, तिच्यात बी रुजत नाही आणि उथळ कंद चिरडतो. नेहमीच्या श्रावणी शनिवारीच ही अवस्था असते. मेळ्यातल्या गर्दीत तीच वाट किती पसरेल ते तुम्हीच मनात आणा.

फुलं बघायला येणाऱ्या हौशी लोकांचंही सांगितलं पाहिजे, मला ते लिहायला आवडत नसलं तरी. एका फुलाचा फोटो काढायला माणूस गवतात आडवा होतो. त्याच्या अंगाखाली यंदा न फुललेली चार लहान रोपं असू शकतात. खर्पुडीला बी रुजल्यावर लगेच फूल येत नाही, आधी कंद भरावा लागतो. तोवर ती गवताच्या पात्यासारखी दिसते, आणि गवतावर झोपायला कुणाला काय वाटणार? मग तो फोटो नेमक्या जागेच्या खुणेसकट सर्वत्र जातो आणि पुढच्या रविवारी तिथे आणखी वीसजण येतात. एखादा कंदच उकरून घरच्या कुंडीसाठी नेतो. हे मी ऐकीव सांगत नाही. उकरलेले ताजे खड्डे मी डोळ्यांनी पाहिले आहेत.

कंद खाण्यासाठी गावातली पोरं, गुराखी पूर्वीपासून काढत आले आहेत. रानडुक्कर, साळिंदरही काढतात. त्यावर बोट ठेवून स्थानिकांना दोष देण्याची एक पद्धत आहे. ती मला मान्य नाही. ज्या माणसांच्या डोळ्यांदेखत हे रोप हजारो वर्षं टिकलं, त्यांच्यामुळे ते संपत नसतं. माझा तो विद्यार्थी ज्या सहजतेने "पाय जपून" म्हणाला, ती सहजता त्याच्या आजीकडून आली होती. पोटापुरतं काढायचं, बाकीचं राहू द्यायचं, हे त्यांच्या घरात कुणी फलकावर लिहून शिकवलेलं नाही.

तीच गोष्ट चराईची. संरक्षण म्हटलं की आपल्याला आधी कुंपण सुचतं. कासच्या पठाराचा अनुभव समोर आहे. २०१२ मध्ये पश्चिम घाटातली ३९ ठिकाणं युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेली, त्यांत कास होतं. गर्दी लोटली, कुंपण आलं आणि काही वर्षांनी ते काढण्याची वेळ आली. जनावरं थांबली की गवत माजतं आणि बुटकी फुलझाडं त्यात दबून जातात, हे तिथले गावकरी सांगतच होते. दुसरीकडे, कासला रोजच्या पर्यटकांची संख्या ठरवून आधी नोंदणी करून सोडण्याची जी रीत बसवली गेली, ती मात्र घेण्यासारखी आहे. अंजनेरीला दोन्ही धडे आयते मिळताहेत.

आता रस्ता आणि रोपवे. मुळेगावकडून अंजनेरीवर रस्ता नेण्याचा प्रस्ताव २०२०-२१ मध्ये पुढे आला तेव्हा नाशिकमधल्या निसर्गप्रेमींनी त्याला विरोध केला. त्या वेळी दोन नावं पुन्हा पुन्हा निघत होती, कड्यांवर घरटी करणारी लांब चोचीची गिधाडं आणि ही खर्पुडी. नंतर केंद्राच्या पर्वतमाला या रोपवे योजनेतून ब्रह्मगिरी आणि अंजनेरी जोडणाऱ्या रोपवेचा प्रस्ताव आला. मेळा जवळ आला की असे प्रस्ताव पुन्हा फायलींतून वर येतात, कारण निधी असतो, मुदत असते आणि काहीतरी करून दाखवायचं असतं. मी त्यामागच्या हेतूवर शंका घेत नाही. म्हाताऱ्या माणसांना वर जाता यावं ही इच्छा चांगलीच आहे. माझे गुडघे आता पूर्वीसारखे राहिलेले नाहीत. दोन वर्षांपूर्वी मला अर्ध्यावरून परतावं लागलं, तेव्हा पायरीवर बसून डोळ्यांत पाणी आलं होतं. तरीही मी सांगते, माझ्यासाठी तो डोंगर कापू नका. मी पायथ्याशी मारुतीला नमस्कार करीन. माझ्या पिढीतल्या पुष्कळजणांना विचारलंत तर तेही हेच सांगतील.

रोपवेचा खांब किती जागा घेतो, असं एका बैठकीत मला विचारलं गेलं होतं. खांबाचा पाया जागा घेतो ती वेगळीच. त्याखेरीज खांब उभारायला लागणारं यंत्र वर नेण्याची वाट, साहित्य ठेवायची सपाट जागा, वरचं स्थानक, स्थानकापाशी शौचालय, शौचालयासाठी पाणी, मग चहाची टपरी, प्रसादाची दुकानं, कचरा, कचऱ्यावर कुत्री आणि माकडं. आणि या सगळ्याहून मोठी गोष्ट म्हणजे, आज अंजनेरीवर किती माणसं जातील हे चढण ठरवते. ती चढण काढून टाकली की पठारावरच्या गर्दीला काही मर्यादाच राहत नाही, तेही ऐन फुलांच्या हंगामात.

हे क्षेत्र २०१७ साली संवर्धन राखीव म्हणून जाहीर झालं. जेमतेम साडेपाच-सहा चौरस किलोमीटर. त्यातही कडे, जंगल, घळी वजा केल्या तर खर्पुडीला मानवणारी सपाट जागा किती उरते हे तुमच्याच वनरक्षकांना विचारा. इतक्या लहान घरात एक खोली द्या असं कुणी म्हटलं तर ती खोली लहान राहत नाही. वनस्पतींना कायद्याचा आधारही आपल्याकडे तोकडाच राहिला. १९७२ च्या वन्यजीव कायद्यात वनस्पतींचं प्रकरण आलं ते १९९१ मध्ये, आणि यादीत नावं होती फक्त सहा. वाघ मेला तर चौकशी बसते. खर्पुडीच्या दहा रोपांवर तंबू ठोकला तर कुणी विचारणारं नसतं.

यापुढचा मुद्दा मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो, आणि त्यात माझ्या स्वतःच्या हातून घडलेली चूक आहे.

मेळ्यातल्या साधूंच्या मुक्कामासाठी, म्हणजे साधुग्रामसाठी, नाशिकच्या तपोवनातली झाडं तोडण्याचा विषय निघाला तेव्हा नाशिककर झाडांसाठी उभे राहिले. मीही गेले होते. त्या गर्दीत उभी असताना एक भीती माझ्या मनात आली, ती तेव्हा कुणाला बोलले नाही. तोडलेल्या झाडांच्या बदल्यात नवी झाडं लावू असं सांगितलं जातं. ती लावायची कुठे? शहरात जागा नसते. मग नजर जाते डोंगरावरच्या 'मोकळ्या' पठारांवर. महसुली दप्तरात अशा जागेला पोटखराबा म्हणतात, बोलताना आपण पडीक म्हणतो, उजाड म्हणतो. उन्हाळ्यात वर गेलेल्या माणसाला ती खरोखर उजाड दिसते. तो म्हणतो, इथे हजार झाडं लावू, डोंगर हिरवा करू.

मी हे केलं आहे. वीस वर्षांपूर्वी जिल्ह्यातल्याच एका पठारावर, नाव सांगत नाही, आठवी-नववीची मुलं घेऊन गेले. रोपं आम्हाला देणगीत मिळाली होती, गिरिपुष्पाची. जूनच्या पहिल्या आठवड्यात आम्ही दिवसभर कुदळी मारून खड्डे खणले. कातळ लागला की थोडं सरकून दुसरा खड्डा, म्हणजे जिथे माती होती तिथेच सगळे खड्डे आले. मुलं आनंदात होती, फोटो निघाले, कौतुकही झालं. खणताना लहान लहान कंद वर येत होते. एका मुलीने ओंजळ भरून मला दाखवायला आणले आणि विचारलं, "बाई, हे काय आहे?" मी म्हणाले, रानकांदे असतील, बाजूला टाक. ते काय होतं हे मला आजही सांगता येणार नाही. पण ती ओंजळ मला आठवते.

पाच-सहा वर्षांनी तिथे पुन्हा गेले. जगलेल्या झाडांखाली सावली होती आणि सावलीत काही नव्हतं. पूर्वी त्या जागी तेरडा, सोनकी, सीतेची आसवं, कावळा यांचे ताटवे असायचे. या सगळ्या फुलांना उघडं ऊन लागतं, पावसाळ्यात पाणथळ आणि उन्हाळ्यात कडकडीत कोरडी जमीन लागते. पठार म्हणजे झाडं नसलेलं जंगल, ही आपली समजूत आहे. त्याचं स्वतःचं एक पूर्ण जग आहे, आणि झाड हे त्या जगातलं नव्हे. म्हणून हात जोडून विनंती आहे, हरित कुंभाच्या नावाने अंजनेरीच्या, ब्रह्मगिरीच्या किंवा आसपासच्या कुठल्याही पठारावर एकही खड्डा खणू नका. समतल चरही नकोत. ज्यांना झाडं लावायची आहेत त्यांना गावठाण, रस्त्याच्या कडा, ओढ्याकाठ, नागड्या झालेल्या उतारांचे पायथे दाखवा. जागा भरपूर आहे.

कुणी म्हणेल, एवढंच असेल तर खर्पुडीची रोपं काढून दुसरीकडे लावू. याचंही उत्तर द्यायला हवं, कारण ते ऐकायला सोपं वाटतं. शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात सह्याद्रीतल्या अनेक खर्पुड्या मोठ्या कष्टाने जपल्या आहेत. प्रयोगशाळेत ऊतीसंवर्धनाने रोपं तयार करता येतात, आणि हे काम चालू राहिलंच पाहिजे. डोंगरावर काही विपरीत घडलं तर जात अगदीच नाहीशी होऊ नये म्हणून ठेवलेली ती ठेव आहे. पण बँकेत ठेव आहे म्हणून कुणी घराला काडी लावत नाही. कुंडीतल्या रोपाला पाणी माणूस घालतो, पराग माणूस टाकतो, कीड माणूस वेचतो. डोंगरावर ते सगळं माती, माशी, धुकं आणि वारा मिळून करतात. नव्या जागी नेऊन लावलेलं रोप पहिल्या वर्षी जगेलही. ते तिथे आपलं आपण बी धरेल, ते बी रुजेल, त्याचा कंद भरेल आणि त्याला फूल येईल, तेव्हा कुठे ते तिथलं झालं म्हणायचं. मेळ्याच्या मुदतीत हे होत नाही.

गोदावरीसाठी हा मेळा भरतो. तिचा उगम ब्रह्मगिरीवर, अंजनेरी त्याच रांगेतली. पावसाचं पाणी ही पठारं धरतात आणि हळूहळू खाली सोडतात. २०२१ मध्ये ब्रह्मगिरीच्या पायथ्याशी डोंगर फोडल्याचं प्रकरण गाजलं तेव्हा आपण सगळे हळहळलो होतो. रामकुंडात आणि कुशावर्तात बुडी मारताना ज्या पाण्याला आपण हात जोडतो, ते जिथून येतं ती जमीन पवित्र नाही का?

मला काय हवं आहे ते आता स्पष्ट लिहिते. मेळ्यासाठी जे काही तात्पुरतं उभारलं जाईल, तंबू, भंडारे, वाहनतळ, शौचालयं, हेलिपॅड, त्यांतलं काहीही पठारावर नको. सगळं पायथ्याशी. ऑगस्ट ते ऑक्टोबर या काळात वर जाणाऱ्यांची रोजची संख्या ठरवा आणि नोंद नाक्यावरच करा. ती संख्या किती असावी हे वन विभागाने वनस्पती ओळखणाऱ्यांना बरोबर घेऊन ठरवावं, कुणाच्या सोयीने नव्हे. देवळाकडे जाणारी वाट एकच ठेवा. चिखल होणाऱ्या जागी वाटेतच दगड बसवून द्या म्हणजे लोक कडेला सरकणार नाहीत. एवढी साधी गोष्ट आहे, आणि सगळ्यांत जास्त रोपं तीच वाचवेल असं मला वाटतं. कडेला दोरी लावायची असेल तर तेवढे महिनेच लावा, पक्कं कुंपण नको. रस्ता आणि रोपवेचे प्रस्ताव मेळ्याच्या कामांत येणार नाहीत असं लेखी जाहीर करा.

मेळ्याच्या आधीच्या पावसाळ्यात खर्पुडीची मोजणी करून घ्या. ती करताना बाहेरच्या तज्ज्ञांबरोबर अंजनेरी आणि मुळेगावची माणसं घ्या, त्यांना त्या कामाचे पैसे द्या, आणि जागांचे नकाशे जाहीर करू नका. २००२ च्या जैवविविधता कायद्याने ग्रामपंचायतीत लोक जैवविविधता नोंदवही असते. खर्पुडीची नोंद तिथे गावच्या नावाने व्हावी. मेळ्याच्या काळात वाटेवर थांबायला स्वयंसेवक लागतील. ते या वाड्यांमधूनच घ्या. अनोळखी गर्दीला "इथून चला, तिथे पाय ठेवू नका" असं सांगण्याचा खरा अधिकार त्यांचा आहे, आणि देवाला आलेला माणूस अशा सांगण्याचा सहसा राग धरत नाही. मी अनेक शनिवार लोकांना सांगून पाहिलं आहे. पाच मिनिटं थांबवून फूल कसं काम करतं ते सांगितलं की लोक आपणहून वाकून बघतात आणि मग पुढे चालताना खाली पाहतात. परवा-परवापर्यंत मोबाइल घेऊन गवतात शिरणारा एक तरुण आता दुसऱ्यांना अडवतो.

उन्हाळ्यातल्या वणव्यांचं तुम्हाला नव्याने सांगायला नको. कंद खाली असल्यामुळे एखाद्या आगीतून तरतो, पण पडलेलं बी जळतं. मेळ्यानंतरच्या उन्हाळ्यात, पठारावर कागद आणि प्लास्टिक पडलेलं असताना, जाळरेषांकडे अधिक लक्ष लागेल. तेवढं लक्षात असू द्या.

एक शेवटची विनंती. निर्णय घेण्याआधी तुमच्यापैकी कुणीतरी एकदा वर या. उन्हाळ्यात पाहणी करून जाऊ नका, तेव्हा तिथे काहीच दिसणार नाही आणि जागा रिकामी आहे असंच वाटेल. सप्टेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात या, आडवारी, कारण शनिवार-रविवारी गर्दी असते. सकाळी लवकर निघा. माझे गुडघे वरच्या पठारापर्यंत नेतील की नाही सांगता येत नाही, पण नाक्यापर्यंत मी नक्की येईन आणि तिथून पुढे माझा तो विद्यार्थी तुम्हाला घेऊन जाईल. आता त्याची मुलगी सहावीत आहे, तीही बरोबर असते आणि खर्पुडी तिला त्याच्याआधी दिसते. साधे बूट घाला, तळव्याची नक्षी खोल नसलेले, आणि ती जिथे पाय ठेवेल तिथेच पाय ठेवा.

आपली,
अंजनेरीची एक जुनी वारकरी, नाशिक